परवान्याचं अपील रखडलंय: लोकसेवा हक्क की हायकोर्ट?

माझ्या मावसभावाला मुंबई महापालिकेने दादरमध्ये पोळीभाजी केंद्राचा परवाना नाकारला. त्याने अपील केलं आणि पाच महिने खेपा घातल्या. 'साहेब साइटवर आहेत', 'फाइल वर गेलीय'. गाळा बंद, भाडं चालू. त्याच्यासारख्या अडकलेल्यांसाठी हे लिहितोय.

पहिला रस्ता महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, 2015 चा. ठरलेल्या मुदतीत सेवा मिळाली नाही किंवा अर्ज फेटाळला, तर 30 दिवसांत प्रथम अपील, मग दुसरं, शेवटी राज्य सेवा हक्क आयोगाकडे तिसरं. कसुरीबद्दल अधिकाऱ्याला 500 ते 5000 रुपये दंड होऊ शकतो. वकील लागत नाही. नवा परवाना किंवा नूतनीकरण असेल तर मी आधी हेच करायला सांगेन. फक्त तुमची सेवा या कायद्याखाली जाहीर झालेल्या (अधिसूचित) यादीत आहे ना, ते पाहून घ्या. रद्द झालेल्या परवान्यावरचं अपील त्या यादीत सापडेलच असं नाही.

दुसरा रस्ता संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली हायकोर्टात रिट, म्हणजे सरकारी यंत्रणेला आदेश द्या अशी मागणी करणारी याचिका. खर्च मोठा, वकिलाची फी धरूनच चाला. आणि कोर्ट परवाना हातात देईल ही आशा ठेवू नका. अशा याचिकेत सहसा एवढाच आदेश होतो, की इतक्या आठवड्यांत सुनावणी घ्या आणि कारणं नोंदवून निर्णय द्या. तो निर्णय विरोधातही जाऊ शकतो. तरी मला रिटचं मोल इथेच वाटतं. कारणांसहित नकाराला आव्हान देता येतं, नुसत्या पडून राहिलेल्या फाइलशी भांडायचं कसं? कोर्टाची मुदत मोडली तर अवमान याचिका आहे, तीही वर्षाच्या आत.

पालिकेचे वकील पहिला आक्षेप घेतात तो पर्यायी उपाय असल्याचा, म्हणजे अपिलाचा रस्ता असताना थेट कोर्टात का आलात असा. सुप्रीम कोर्टाच्या 1998 च्या व्हर्लपूल निकालात याला अपवाद आहेत, त्यात नैसर्गिक न्याय डावलणं हा एक. म्हणून म्हणणं न ऐकताच दुकानाला सील लागलं असेल, तर थांबू नका, थेट हायकोर्टात जाऊन अंतरिम दिलासा मागा. नुसतं अपील केल्याने मूळ आदेशाला आपोआप स्थगिती मिळत नाही. हे कित्येकांना दंड भरताना कळतं.

दिवाणी दाव्याआधी मुंबई महापालिका अधिनियम, 1888 च्या कलम 527 नुसार महिन्याची नोटीस लागते. घाईच्या कामाला तो मार्ग नाही.

रस्ता कुठलाही धरा, कागद हवाच. भावाने पहिली दोन स्मरणपत्रं नुसती हातात देऊन ठेवली होती. त्याच्या वकिलांनी ती बाजूला सारली. तिसऱ्यावर आवक क्रमांक, तारीख आणि जांभळा शिक्का होता, आणि याचिकेतला उशीर त्या तारखेपासूनच मोजला गेला. तेव्हा उद्याच स्मरणपत्राच्या दोन प्रती घेऊन जा, आणि दुसरीवर पोच मिळाल्याशिवाय खिडकी सोडू नका.