साक्री-नंदुरबारच्या काळ्या भिंती: सहल बरी, वाटाड्या एक नंबर

धुळ्याहून साक्रीमार्गे नंदुरबारकडे जाणारी एका दिवसाची सहल. माणशी ९०० रुपये, चहा-नाश्ता-जेवण धरून. माझा धंदा बोअरवेलच्या गाडीचा. दगड बघायला पैसे मोजतोय म्हटल्यावर घरचे हसले.

पैसे वसूल झाले ते वाटाड्यामुळे. शेतांतून सरळ रेषेत गेलेल्या या अरुंद टेकड्या महामार्गावरून आपण कायम बघतो, जुनी तटबंदीच वाटते. या पोराने गाडी कडेला लावली, वर नेलं आणि आधी दगडाला हात लावायला सांगितला. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी जमिनीच्या भेगांत शिलारस चढला आणि तिथेच थिजला. आजूबाजूचा दगड झिजला, हा टणक म्हणून उभा राहिला. यालाच डाइक म्हणतात. कडेचा दगड इतका बारीक की कण दिसेना. मधोमध गेल्यावर मात्र भिंगाखाली पांढरट कण लखलखले. कड झटकन निवली, आतला भाग सावकाश, म्हणून हा फरक. आणि खांब! सरपण रचावं तसे आडवे, एकावर एक. दगड निवताना आकसून तडकतो, त्या तड्यांनीच हे खांब सुटे होतात. तडे थंड कडेकडून आत सरकतात. इथे कडाच उभ्या, म्हणून खांब आडवे. अशा भिंती या पट्ट्यात दोनशेहून जास्त, सगळ्यात लांब ७९ किलोमीटर! शेळ्या वळणारा एक बाबा मात्र विचारत होता, "काय देखी राह्यनात भो?"

मी पाण्याचं विचारलं. एका अंगाला विहीर भरलेली, दुसऱ्या अंगाला बोअर कोरडा, हे आम्ही धंद्यात बघतो. तो म्हणाला, भिंत सलग असेल तर पाणी अडतं, तडकलेली असेल तर तिच्यातूनच वाहतं. जागा बघितल्याशिवाय सांगता येत नाही. उगाच फेकाफेक नाही, हे आवडलं.

आता खटकलेलं. ब्राह्मणवेलच्या पवनचक्क्यांपाशी फोटोसाठी तासभर घालवला. जेवण तीन वाजता. शेवभाजी झणझणीत, भाकरी गार. बायकांसाठी स्वच्छतागृहाचा थांबाच नाही, वहिनीची फार पंचाईत झाली. आणि वाटेत खडीसाठी फोडलेली एक भिंत लागली, तिथे गाडी थांबलीच नाही! ताजा कापलेला दगड कडेपासून मध्यापर्यंत तिथेच सलग बघायला मिळाला असता. आयोजकांनी पवनचक्क्यांचा वेळ तिकडे द्यावा.

चढ थोडाच आहे, पण पायाखाली सुटे दगड फार, चपला नकोत. जायचं तर दिवाळीनंतर. चैत्रात तो काळा दगड हात लावू देणार नाही.