गणपती पेठेतनं घेतलेला सस्तन प्राण्यांचा तक्ता : माल चांगला, पण दोन ओळी चुकल्यात

मुलगी अकरावी सायन्सला आहे, तिच्यासाठी मागच्या रविवारी सांगलीत गणपती पेठेतनं हा भिंतीवरचा तक्ता आणला, लॅमिनेशन जाड आहे, वटवाघळाच्या पंखातलं बोट न् बोट दिसतं, चित्रांना पैकीच्या पैकी मार्क. पण 'युथेरिया म्हणजेच प्लॅसेंटल सस्तन' असं छापलंय ते मला फार खटकलं (प्लॅसेंटा म्हणजे वार, पोटातल्या पिल्लाला पोसणारी). ग्रीकमध्ये यु म्हणजे चांगला, खरा आणि थेरिऑन म्हणजे पशू, नावात वारेचा उल्लेखच नाही. १८७२ ला प्राणिशास्त्रज्ञ गिल यांनी हे नाव दिलं, १८८० ला दुसरे प्राणिशास्त्रज्ञ हक्सली यांनी त्याचा अर्थ नव्यानं ठरवला, आणि आता युथेरियात आजचे प्लॅसेंटल तर येतातच शिवाय त्यांच्या बाजूचे नामशेष झालेले नातेवाईक पण येतात. गोबीच्या वाळवंटात सापडलेला डायनोसॉरच्या काळातला झालॅम्बडालेस्टिस हा छोटा सस्तन प्राणी बघा, तो असाच एक नातेवाईक, त्याला कमरेपाशी कांगारूसारखी जादा हाडं होती, आजच्या एकाही प्लॅसेंटलला ती नसतात. आजच्या गटाला प्लॅसेंटालिया म्हणायचं.

कांगारूपुढं 'वार नसते' लिहिलंय ते पण चूक, असते की, फक्त थोड्या दिवसांची. आमच्या गोठ्यात म्हैस व्याली की वार पडेपर्यंत माझी आई जागची हलत नाही, त्यावरचे बटणासारखे लाल गोळे पोरीनं स्वतः बघितलेत, त्यामुळं म्हशीच्या न् कांगारूच्या वारेतला फरक तिला लगेच कळला.

दुकानदार काकांनी सगळं नीट ऐकून घेतलं. तक्ता जरूर घ्या, फक्त त्या दोन ओळींवर कागद चिकटवून बरोबर लिहा.