नऊ महिन्यांनंतर: पावडर पास, निकलचा किट काठावर

बाथरूमच्या टाइल्समधल्या फटी साफ करायची पावडर आणि घरच्या घरी विजेनं धातूवर निकलचा मुलामा चढवायचा किट, दोन्ही गेल्या दिवाळीच्या आवराआवरीत एकाच आठवड्यात घरात आले. पहिल्याच दिवशी चकाचक फोटो टाकून पाच तारे देणाऱ्यांवर माझा राग आहे, कारण त्यांच्याच भरवशावर मी किट मागवला. म्हणून मुद्दाम थांबले. आता लिहिते.

आधी दुखणं काय होतं ते सांगते. आमचं घर इंदूरला लोकमान्य नगरात, बाथरूम वीसेक वर्षांपूर्वीचं. नळाला नर्मदा येते, ती १९७८ पासून पार नदीकाठच्या जलूदहून घाट चढून येते. पण येते एक दिवसाआड, त्यामुळे टाकीत बोरिंगचं पाणी मिसळल्याशिवाय भागत नाही. माळव्याच्या काळ्या खडकातलं आमचं हे बोरिंगचं पाणी भलतंच जड. टाइल्सवर पांढरा खार, शॉवरची अर्धी भोकं बुजलेली, फटींत साबणाचा मळ आणि चातुर्मासात त्यावर काळी बुरशी. सासूबाईंचा उपाय ठरलेला, दर रविवारी अॅसिड. ते फसफसलं की त्यांना समाधान वाटायचं. "बघ, मळ कसा उकळतोय!"

उकळत होता तो मळ थोडा आणि सिमेंटच जास्त. जुन्या बाथरूममध्ये फटी व्हाइट सिमेंटनं भरलेल्या असतात. हायड्रोक्लोरिक अॅसिड खाराला जसं खातं तसंच सिमेंटलाही खातं. दर रविवारी फट थोडी खोल आणि थोडी खडबडीत व्हायची, खडबडीत फटीत मळ आणखी घट्ट बसायचा, मग पुढच्या रविवारी अॅसिडही जास्त लागायचं. शॉवरखालच्या फटी दोन-तीन मिलिमीटर खाली गेल्या होत्या. नखानं खरवडलं तर रेतीसारखा चुरा हातात यायचा.

अॅसिडची दुसरी शिकार आमच्या लक्षातच आली नव्हती. ती होती नळांची. बाटली बेसिनखाली, झाकण नीट न लावलेली. नळ पितळेचा असतो, त्यावर निकल आणि अगदी वर क्रोम. हा क्रोमचा थर मायक्रॉनच्या (म्हणजे मिलिमीटरच्या हजाराव्या भागाच्या) अर्ध्याहूनही पातळ. अॅसिडच्या वाफेनं तो आधी जातो, खालचं निकल उघडं पडतं आणि चांदीसारखा नळ पिवळसर दिसायला लागतो. निकलला भोकं पडली की पितळेवर हिरवट चट्टे. आम्ही वर्षानुवर्षं म्हणत होतो, "आजकालचे नळच हलके येतात."

आता पावडर. सोडियम परकार्बोनेट, पांढरे दाणे, वास नाही. गरम पाण्यात विरघळली की त्यातून हायड्रोजन पेरॉक्साइड सुटतो आणि मागे धुण्याचा सोडा उरतो. पेरॉक्साइड बुरशीचा काळा रंग उडवतो, सोडा साबणाची चिकटी काढतो. सिमेंट मुळात अल्कधर्मी, त्यामुळे सोड्याशी त्याचं भांडण नाही.

माझी पद्धत अशी बसली: एक लिटर चांगलं गरम पाणी (हात घालवणार नाही इतकं, पण उकळतं नाही), त्यात तीन मोठे चमचे. हातमोजे घालून फटींवर ओतायचं, वीस मिनिटं ओलं ठेवायचं, मग नायलॉनचा ब्रश. तारेचा ब्रश चुकूनही नको, त्याचे कण फटीत राहतात आणि आठवड्यानं गंजाचे ठिपके उठतात. थंड पाण्यात पावडर जवळजवळ काहीच करत नाही. मी पहिल्यांदा थंड पाण्यातच कालवली होती आणि पैसे बुडाले असं समजून बसले होते.

एक गाढवपणा कबूल करते. उरलेलं द्रावण मी स्प्रेच्या बाटलीत भरून झाकण घट्ट लावून ठेवलं. रात्री बाटली फुगून ढोलासारखी झाली होती. यातून ऑक्सिजन सुटतच राहतो, त्यामुळे बंद बाटलीत कधीही ठेवू नका, आणि ठेवून उपयोगही नाही, दुसऱ्या दिवशी त्यात दम उरत नाही. लागेल तेवढंच कालवा.

पावडरीनं खार मात्र जात नाही. तिची ती जातच नाही. खाराला आंबटच लागतं. त्यासाठी सियागंजच्या बाजारातून सायट्रिक अॅसिड आणलं, किराणावाला ज्याला नींबू का फूल म्हणतो तेच. लिटरला दोन चमचे, तेही दुसऱ्या दिवशी. एकाच वेळी दोन्ही ओतलं तर आंबट आणि सोडा एकमेकांना मारतात आणि मोरीत नुसता फेस जातो. आणि क्लोरीनचं ब्लीच घरात असेल तर ते कुठल्याच अॅसिडजवळ नेऊ नका, त्यातून निघणारा वायू विषारी असतो. सायट्रिक लावायच्या आधी मी फटी साध्या पाण्यानं भिजवून घेते. फट पाणी पिऊन बसली असली की आंबट आत शिरत नाही, टाइलच्या तोंडावरचाच खार निघतो. पाच मिनिटांत धुऊन टाकायचं.

नऊ महिन्यांचा हिशेब: कोरड्या भिंतीच्या फटी अजून पांढऱ्या आहेत, महिन्यातून एकदा पावडर पुरते. शॉवरखाली पावडरही काय करणार, तिथे सिमेंटच उरलं नव्हतं. तो भाग मिस्त्रीकडून खरवडून इपॉक्सीनं (सिमेंटऐवजी वापरतात त्या राळेच्या मसाल्यानं) भरून घेतला. महाग पडलं, पण त्या फटींकडे भर पावसाळ्यातही पुन्हा बघावं लागलं नाही.

आता निकल. हा हट्ट आमच्या अकरावीतल्या चिरंजीवांचा. किटमध्ये हिरवं द्रावण, निकलची पट्टी (वीज लावली की तीच झिजत जाते आणि निकल वस्तूवर चढतं), दोन वायरी आणि एक लहान अॅडाप्टर. द्रावणात निकल सल्फेट, निकल क्लोराइड आणि बोरिक अॅसिड, म्हणजे वॉट्स नावाच्या माणसानं १९१६ साली मांडलेलं तेच त्रिकूट, कारखान्यांत आजही चालतं ते. फक्त कारखान्यात ते पन्नासेक अंशांवर गरम ठेवतात, आम्ही स्टीलच्या पातेल्यातल्या कोमट पाण्यात काचेची बरणी बसवली. ते पातेलं आता स्वयंपाकघरातून कायमचं हद्दपार आहे.

पहिली टोपी (नळाची फिरवायची मूठ) काळी निघाली. कडांना काजळीसारखा भुगा. करंट जास्त झाला की असं जळतं. मुलानं मग हिशेब मांडला: मुठीचा पृष्ठभाग साधारण पन्नास चौरस सेंटिमीटर, तर एक अँपियर पुरे, अर्ध्या तासात बारा मायक्रॉनच्या आसपास थर. हे गणित किटच्या पुस्तिकेत नाही. तिथे नुसतं "चमक येईपर्यंत ठेवा" लिहिलंय. यासाठी मी एक तारा कापते.

दुसरी मूठ सुंदर निघाली आणि तीन आठवड्यांत कांद्याच्या पापुद्र्यासारखी सोलली. कारण तिच्यावर जुनं क्रोम शिल्लक होतं, आणि क्रोमवर निकल धरत नाही. ते क्रोम काढायला काय लागतं? तेच, सासूबाईंचं रविवारचं अॅसिड! गच्चीवर, वाऱ्याची दिशा बघून, चष्मा लावून मुलाच्या बाबांनी ते काम केलं. सासूबाई जिन्यात उभ्या राहून म्हणाल्या, "मग मी काय वेगळं करत होते?"

त्यानंतर आम्ही पितळ उघडं होईपर्यंत पॉलिश पेपर मारला, सोड्यानं घासलं आणि पाणी ओतून पाहिलं. पाणी सलग पसरलं तर तेल गेलं, थेंब थेंब झालं तर पुन्हा घासा. नव्वद टक्के काम हे घासण्याचं आहे, वीज लावणं म्हणजे नुसती आरती. अशा तयारीनं केलेल्या चार मुठींपैकी एकही आजवर सोललेली नाही.

टॉवेलच्या हुकाची गोष्ट मात्र वाईट. तो पितळेचा समजून बुडवला, निघाला जस्ताच्या मिश्रधातूचा. बुडबुडे आले, हुक काळा पडला आणि जस्त उतरून सगळं द्रावण खराब झालं. पुढच्या वस्तूवर काळे पट्टे यायला लागले. अशा वस्तूला आधी तांब्याचा थर लागतो, आणि त्यासाठी वापरतात ते सायनाइडचं द्रावण घरात आणायची गोष्ट नव्हे. बुडवण्याआधी तळाशी कानशीनं ओरखडा काढून बघा. पिवळं दिसलं तरच पुढे जा. संपलेली पट्टी बदलताना स्टीलचा चमचा लटकवायचा सल्लाही कुणी देईल, ऐकू नका. स्टेनलेसमधलं क्रोमियम विषारी रूपात द्रावणात उतरतं.

दिसायला आज काय? बेसिनवरच्या दोन मुठी छान आहेत. शॉवरच्या दोन मंदावल्या, आटवलेल्या दुधासारखा पिवळसर रंग आलाय. नुसतं निकल ओलाव्यात असंच होतं, म्हणून तर वर क्रोम देतात. फडक्यानं कोरडं पुसलं की चार दिवस बरं दिसतं. पॉलिश मी दोनदाच लावलं, थर आहेच किती! आणि नणंदेला नकली कानातल्यांनी खाज सुटते, ती निकलचीच, म्हणून पाहुण्यांच्या बाथरूममध्ये या मुठी बसवल्या नाहीत.

मोठ्या नळासाठी निकल-क्रोमचं काम करणाऱ्या कारागिराकडे गेले होते. त्यानं नळ हातात फिरवला, भोकं पाहिली आणि भाव सांगितला. त्यात थोडे घातले असते तर नवा आला असता. नवाच आणला.

म्हणजे पावडर परत घेईन, दोनदा घेतलीच आहे. किट परत घेणार नाही, पण जुनी पितळी कडी, मूठ, आजोबांच्या ट्रंकेचं कुलूप असलं काही असेल आणि घरात घासायला तयार असलेलं पोर असेल तर घ्या.

बिघडलेलं हिरवं द्रावण मोरीत ओतायचं नाही हे मुलानं शपथेवर सांगितलं होतं. त्यात धुण्याचा सोडा घातला, निकल फिकट हिरवा गाळ होऊन खाली बसला, तो गाळून वाळवून डबीत भरला. आमच्याकडे कचऱ्याच्या गाडीत सहा कप्पे, त्यात घरातल्या घातक कचऱ्याचा एक वेगळा. सकाळी डबी घेऊन खाली गेले तर गाडीवाल्यानं झाकणातून निरखून पाहिलं आणि विचारलं, "होली का रंग है क्या, मैडम? अच्छा-भला तो है, फेंक क्यों रहे हो?"