आठ मिलिमीटरचं रीळ डिजिटल करायला देताय? आधी दोन गोष्टी बजावून सांगा

आत्याचे यजमान बोटीवर नोकरीला होते. १९७१ साली त्यांनी सुपर ८ चा, म्हणजे आठ मिलिमीटर फिल्मचा, कॅमेरा आणला आणि माझ्या बारशाच्या सकाळी आमच्या सदाशिव पेठेतल्या वाड्यात चालवला. ते पन्नास फुटी रीळ परवा माळ्यावर बिस्किटांच्या डब्यात सापडलं. प्रोजेक्टर केव्हाच मोडीत गेलेला, म्हणून एका दुकानात डिजिटल करायला दिलं. दुकानाचं नाव घालत नाही, कारण चूक दाखवल्यावर त्यांनी कुरकुर न करता दुरुस्त करून दिली.

९०० रुपये, आठ दिवस. सफाई उत्तम. आजीच्या लुगड्याचा जांभळा रंग काल रंगवल्यासारखा. पण टीव्हीवर लावलं आणि सगळा वाडा चावी दिलेल्या खेळण्यासारखा पळायला लागला. फाइल २ मिनिटं २४ सेकंदांची. पन्नास फुटांत ३,६०० चौकटी (फ्रेम, म्हणजे एकेक सुटं चित्र) असतात. सेकंदाला १८ धरल्या तर ३ मिनिटं २० सेकंद व्हायला हवीत. यांनी २५ नी उरकलेल्या. वर टीव्ही भरून दिसावा म्हणून चित्राचं वरचं आणि खालचं कापलेलं.

चौकातून एक बाई जाताना दिसते. डोक्यावरचा हंडा कापलेला, पायही कापलेले, मधला तुकडा तुरुतुरु सरकतोय. "ही कोण गं?" आईनेच मला विचारलं. म्हटलं, बारशाला आलेली असेल कुणीतरी.

दुसऱ्यांदा १८ च्या वेगाने, पूर्ण चौकट ठेवून स्कॅन करून घेतलं. जादा पैसे घेतले नाहीत. आता हंडा दिसला, अनवाणी पाय दिसले, आणि उजवा पाय किंचित ओढत टाकण्याची ती चाल दिसली. आई खुर्चीतून पुढे सरकली. "अगं, या तर पाण्याच्या मावशी!" कॅमेरा दिसताच मावशी मोकळ्या हाताने पदर तोंडावर घेतात, पण हसू काही झाकत नाही. हंड्यातलं पाणी खांद्यावर सांडतं. अकरा सेकंद. आमच्या अल्बममध्ये त्यांचा एकही फोटो नाही. त्यांचं नाव आईला दोन दिवस आठवत नव्हतं, अजूनही आठवलेलं नाही. मी पाळण्यात आहे म्हणे. मला तरी नुसतं दुपटं दिसतं.

पाचपैकी चार तारे. देताना कागदावर लिहूनच द्या: वेग १८, आणि काहीही कापायचं नाही. (सगळीच रिळं १८ ची नसतात, माणसांची चाल बघून ठरवा.) मूळ रीळ परत मागून घ्या.

डब्यात आणखी एक रीळ निघालंय. त्याला आंबूस, व्हिनेगरसारखा वास येतोय. दुकानदार म्हणाले, फिल्म आक्रसायला लागली असेल, कुणाच्या प्रोजेक्टरवर चढवू नका, कडेची भोकं फाटतील. सोमवारी घेऊन जाते.