बिघडलेली सकाळ: सरळ चित्रीकरण की पिक्सिलेशन?

रोजचीच सकाळ, पण तिच्यात काहीतरी बिघडलंय, असा अतिवास्तव लघुपट करायचा असेल तर तंत्राचा निर्णय आधी घ्यावा लागतो. नटाला घेऊन सरळ शूट करायचं, की जिवंत माणसाला बाहुलीसारखं हलवत एकेक फोटो काढायचा आणि ते फोटो जोडून हालचाल दाखवायची, म्हणजे पिक्सिलेशन? मी दोन्ही करून पाहिलंय.

सरळ चित्रीकरणात ताकद आहेच. माया डेरेन आणि अलेक्झांडर हामिद यांचा १९४३चा ‘मेशेस ऑफ द आफ्टरनून’ किल्ली, सुरी आणि घरातला जिना एवढ्यावर उभा आहे. तेच तेच पुन्हा घडतं आणि दर वेळी घर आणखी परकं होत जातं.

माझं घोडं अडलं ते अभिनयापाशी. दात घासण्याचा एकच प्रसंग पाच वेळा हवा होता. पहिल्या टेकला नट नुसता दात घासत होता. तिसऱ्यापासून त्याच्या चेहऱ्यावर भीती उमटायला लागली. ‘काही करू नकोस’ म्हटलं, तर काही न करण्याचा अभिनय सुरू झाला. चूक त्याची नव्हती, गोष्ट त्याला माहीत होती. पण प्रेक्षकाच्या आधी नट अस्वस्थ झाला, की प्रेक्षक निवांत होतो. पहिलाच टेक पाच वेळा जोडून पाहिला, तर ती एडिटिंगची चूक वाटली.

पिक्सिलेशनमध्ये हा त्रास उरला नाही. सेकंदाला २४ फ्रेम, एक फोटो दोन फ्रेमसाठी, म्हणजे मिनिटाला ७२० फोटो. इतक्या वेळा ‘ब्रश जरा सरकव, थांब’ ऐकल्यावर चेहऱ्यावरचा अभिनय आपोआप गळून पडतो. पडद्यावर तो माणूस दात घासत नाही, कुणीतरी त्याच्याकडून ते घासून घेतंय असं दिसतं. चेक दिग्दर्शक यान श्वांकमायेर यांच्या ‘फूड’ या लघुपटातल्या (१९९२) नाश्त्याच्या भागात माणूसच नाश्ता देणारं यंत्र झालेला असतो आणि खाऊन झालं की खाणारा त्याच्या जागी यंत्र होतो. ते पटतं, त्यात या धक्क्याधक्क्याच्या हालचालीचा वाटा मोठा आहे, असं मला वाटतं.

वेळ फार जातो, हे खरं. खिडकीतला उजेड बदलत राहिला तर चित्र लुकलुकतं, म्हणून खिडकी झाकायची आणि एक्स्पोजर, म्हणजे कॅमेरा किती उजेड घेणार ते, मॅन्युअलवर ठेवायचं. संवाद भरपूर असतील तर मात्र सरळ चित्रीकरणच सोयीचं पडेल.

तुमचा लघुपट मूक असेल आणि एका खोलीत घडत असेल, तर निदान एक क्रिया फोटोंमधून करून बघा. दहा सेकंदांना १२० फोटो पुरतात.