एल्सेसरचं 'अर्ली सिनेमा' वाचलं आणि जुन्या फिल्म परत बघायला बसलो

सिनेमाचा अभ्यासक थॉमस एल्सेसरने संपादित केलेलं 'अर्ली सिनेमा: स्पेस, फ्रेम, नॅरेटिव्ह' हे सुरुवातीच्या सिनेमावरच्या लेखांचं पुस्तक अखेर वाचून झालं, दोन महिने लागले. १९९० चं पुस्तक, सेकंडहँड मागवलं तर कोपरे दुमडूनच आलं पण पानं सगळी शाबूत होती म्हणून ठेवून घेतलं.

१९७८ मध्ये इंग्लंडमधल्या ब्रायटनला जुन्या फिल्म जतन करणाऱ्या अर्काइव्हवाल्यांची परिषद भरली होती, तिथे १९०० ते १९०६ मधल्या शेकडो फिल्म अभ्यासकांनी बसून बघितल्या, आणि सुरुवातीचा सिनेमा बाळबोध, मग अमेरिकन दिग्दर्शक ग्रिफिथ आला आणि सिनेमाला भाषा मिळाली, ही जुनी गोष्ट तिथून डळमळायला लागली. हे पुस्तक त्याच वळणानंतरचं.

टॉम गनिंगचा लेख आधी वाचा. तो म्हणतो की सुरुवातीचा सिनेमा गोष्ट सांगण्यापेक्षा काहीतरी दाखवायला उभा होता, म्हणून नट खुशाल कॅमेऱ्याकडे बघतो. युरोपात फिल्म जत्रेत दाखवायचे हे लक्षात घेतलं की एकदम पटतं, जत्रेतला खेळवाला पण आपल्याशीच बोलतो ना.

मला सगळ्यात भारी वाटला आंद्रे गोद्रोचा लेख. अमेरिकन दिग्दर्शक पोर्टरची १९०३ ची 'लाइफ ऑफ ॲन अमेरिकन फायरमन', तिच्यात आगीतून बाई आणि मूल वाचवतात ते आधी पूर्ण आतून दिसतं आणि मग तेच सगळं परत बाहेरून. बरीच वर्षं लोक जी कॉपी बघत होते तिच्यात आतलं आणि बाहेरचं दृश्य आलटून-पालटून कापून जोडलेलं होतं, आणि तेच मूळ समजलं जायचं. कॉपीराइटसाठी जमा केलेली, फिल्मची चित्रं कागदावर छापलेली प्रत बघितल्यावर खरं कळलं. म्हणजे नंतर कोणीतरी चूक समजून सुधारलं, आणि चूक नव्हतीच ती!

धंद्याचा भाग पण मस्त. फिल्म तेव्हा कापडासारख्या लांबीवर विकायचे, विकत घेणारा मालक, कुठली आधी लावायची ते खेळ करणाराच ठरवणार. आपल्याकडे ७ जुलै १८९६ ला मुंबईच्या वॉटसन हॉटेलात फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंच्या फिल्मचा पहिला खेळ झाला, तो नुसती तारीख म्हणून पाठ होता, आता तिथे बसलेले लोक काय बघत असतील असा विचार येतो.

भाषा जड आहे, ग्रिफिथवाल्या तिसऱ्या भागात मी दोनदा अडकलो. पण प्रत्येक भागाआधी एल्सेसरची प्रस्तावना आहे ती सोडू नका, कोण कोणाशी का भांडतंय ते तिथेच समजतं. अॅमस्टरडॅमला शिकवायचा हा माणूस, २०१९ ला गेला, पण समजावून सांगायची शिक्षकाची तळमळ पानापानावर दिसते. पाचपैकी साडेचार.

आणि ती फायरमन आधी बघून मग लेख वाचा, सहाएक मिनिटांचीच आहे. मी आईला दाखवली, काहीच न सांगता. दुसऱ्यांदा तेच सुरू झाल्यावर म्हणाली, "बरं झालं परत दाखवलं, मघाशी शिडी कुठून लावली ते दिसलंच नव्हतं."