मौनाचा हॉल, जपाची बैठक की आपल्यासारख्यांचा गट?

अमेरिकेत शिकायला गेलेली आपल्याकडची बौद्ध घरातली मुलगी संघ शोधत एखाद्या ध्यानकेंद्रात पोचते आणि बघते तर हॉलमध्ये सावळी ती एकटीच. तिथल्या कृष्णवर्णीय बायकांना हे नवं नाही. कुठे जायचं ते ठरवण्याआधी त्यांचं ऐकावं.

विपश्यनेची निवासी शिबिरं, म्हणजे मॅसॅच्युसेट्समधलं बॅरी किंवा कॅलिफोर्नियातलं स्पिरिट रॉक. शिकवण पक्की, पण राहण्याजेवणाचे पैसे पडतात (इगतपुरीची सवय असलेल्यांना खटकणारच), वर आठवडाभराची रजा. खरी अडचण वेगळीच. वंशभेदाचा विषय काढला की ‘मीपणा सोड’ असं ऐकावं लागल्याचं अनेकजणींनी सांगितलंय. झेन परंपरेतल्या कृष्णवर्णीय शिक्षिका झेंजू अर्थलिन मॅन्युएल यांना हे मान्य नाही: वाट देहाला आणि रंगाला वगळून नाही, त्यांच्यातूनच जाते, असं त्या मांडतात.

सोका गाक्काई या जपानी बौद्ध संघटनेत मौनाचं काम नाही. कुणाच्या तरी दिवाणखान्यात खुर्च्या मांडलेल्या, हातात माळा, ‘नम म्योहो रेंगे क्यो’चा मोठ्याने जप, मग ज्याचं त्याने आपलं रडगाणं सांगायचं. चर्चमध्ये गात वाढलेल्या बाईला हे लवकर आपलं वाटतं. गायिका टीना टर्नर १९७३ मध्ये या जपाकडे वळली आणि तीन वर्षांनी मारकुट्या नवऱ्याचं घर सोडून बाहेर पडली. मला मात्र तिथला गुरुभक्तीचा सूर जड जातो. बावीस प्रतिज्ञा म्हणत वाढलेल्यांनी आधी दोन-तीन बैठका नुसत्या बघाव्यात.

ऑकलंडचं ईस्ट बे मेडिटेशन सेंटर २००७ मध्ये सुरू झालं ते गोरेतर लोकांना डोळ्यांपुढे ठेवूनच. त्यांच्यासाठी वेगळी साप्ताहिक बैठक, ठरावीक फी नाही, दान ऐच्छिक. नियम एकच कडक: अत्तर, सुगंधी तेल लावून यायचं नाही. वासाने त्रास होणाऱ्यांसाठी तो आहे, तेव्हा चमेलीचं तेल घरीच ठेवा.

मला विचाराल तर सुरुवात अशाच गटात करावी. बैठक जमली की मग मौनाचं शिबिर, तेही शक्यतो सोबतीने. आणि घरचं काही टाकायची घाई नको. अलाबामात वाढलेल्या, १९६३ च्या बर्मिंगहॅममधल्या वर्णभेदाविरुद्धच्या मोर्चात चाललेल्या कृष्णवर्णीय प्राध्यापिका जॅन विलिस नेपाळात तिबेटी गुरू लामा येशेंकडे शिकल्या, आयुष्यभर बौद्ध धर्म शिकवला, तरी घरचा बाप्टिस्ट हा ख्रिस्ती पंथ न टाकता स्वतःला बाप्टिस्ट-बौद्धच म्हणवतात.